रिपोर्टमधल्या एका ओळीवरून गहू सोडू नका



गेल्या वर्षी एका रविवारी वंदना संपल्यावर एक ताई विहारात मागे थांबल्या. हातात प्लास्टिकची पिशवी, पिशवीत दवाखान्याची फाइल. वय चौतिशीचे, चार घरची धुणीभांडी. दीड वर्षापासून पोट फुगायचे, जेवण झाले की शौचाला पळावे लागायचे, आणि लोहाच्या गोळ्या घेऊनही हिमोग्लोबिन 8 च्या वर जात नव्हते. कर्ज काढून दुर्बिणीची तपासणी केली होती. आतड्याचा बारीक तुकडा काढून तपासला होता. त्या रिपोर्टच्या शेवटी लिहिले होते: लहान आतड्याच्या अस्तरात लिम्फोसाइट पेशी वाढलेल्या आहेत, अंकुर शाबूत आहेत, सिलिअ‍ॅक आजाराची शक्यता तपासावी.

रिपोर्टमध्ये 'तपासावी' असे होते. दवाखान्यात मात्र दोन मिनिटांत सांगितले गेले, "गव्हाची अ‍ॅलर्जी आहे, गहू जन्मभर बंद." ताईंनी ग्लुटेन-फ्री पिठाची पाकिटे आणली. महिन्याचे बजेट कोलमडले, तेव्हा मुलांचे दूध कमी केले. चार महिने झाले, पोट तसेच. मला विचारत होत्या, "सिस्टर, अजून काय सोडू?"

हा लेख त्या प्रश्नासाठी आहे. असा रिपोर्ट आता पुष्कळांच्या हातात येतो. त्याचा अर्थ काय, त्यावरून लगेच काय करू नये आणि डॉक्टरांना काय विचारावे, हे आपण क्रमाने पाहू.

अस्तरातले पहारेकरी

आपले लहान आतडे साधारण 6 मीटर लांब असते. त्याच्या आतल्या बाजूला मखमलीसारखे बारीक अंकुर असतात. डॉक्टर त्यांना 'व्हिलाय' म्हणतात. एकेक अंकुर जेमतेम अर्धा ते एक मिलिमीटर उंच. पण या लाखो अंकुरांमुळे आतड्याचा आतला पृष्ठभाग कितीतरी पटींनी वाढतो आणि अन्नातले लोह, कॅल्शियम, जीवनसत्त्वे रक्तात घेतली जातात. अंकुरांवर पेशींचा एकच थर असतो. हे अस्तर इतके झिजते की तीन ते पाच दिवसांत ते नव्याने तयार होत राहते.

या एका थराच्या अलीकडे आपण खाल्लेले अन्न, पाणी आणि जंतू. पलीकडे आपले रक्त. म्हणून शरीराने या थरातच पहारा बसवला आहे. अस्तराच्या पेशींच्या मधेमधे पांढऱ्या पेशी बसलेल्या असतात, त्यांना लिम्फोसाइट म्हणतात. त्या प्रत्येक माणसात असतात आणि असायलाच हव्यात. अस्तराच्या 100 पेशींमागे साधारण 25 पर्यंत लिम्फोसाइट असणे आज सामान्य मानले जाते. पूर्वी ही मर्यादा 40 धरत असत. म्हणून जुन्या आणि नव्या रिपोर्टची तुलना करताना आकड्याबरोबर प्रयोगशाळेने कोणती मर्यादा धरली आहे तेही पाहावे.

6 डिसेंबरला चैत्यभूमीवर समता सैनिक दलाचे सैनिक ठिकठिकाणी उभे असतात. एखाद्या फाटकावर नेहमीपेक्षा जास्त सैनिक दिसले, तर तिथे काहीतरी घडते आहे एवढे आपल्याला कळते. गर्दी वाढली, कुणी चक्कर येऊन पडले की भांडण झाले, हे नुसती डोकी मोजून कळत नाही. जवळ जाऊन विचारावे लागते. आतड्याचेही तसेच आहे. वाढलेल्या लिम्फोसाइट पेशी ही खूण आहे. ते आजाराचे नाव नाही.

गव्हाचे नाव पहिले का येते?

त्यामागे इतिहास आहे. विलेम डिके नावाचे डच बालरोगतज्ज्ञ होते. दुसऱ्या महायुद्धाच्या शेवटी, 1944-45 च्या हिवाळ्यात, हॉलंडमध्ये दुष्काळ पडला आणि पाव मिळेनासा झाला. इतर मुले उपासमारीने खंगत होती, पण पोटाच्या एका जुनाट आजाराची मुले गहू नसताना सुधारली आणि पाव परत आल्यावर पुन्हा बिघडली. हा गव्हाचा संबंध डिके यांनी 1950 च्या आपल्या प्रबंधात मांडला. तो आजार म्हणजे सिलिअ‍ॅक. गहू आणि जव यांतल्या ग्लुटेन या प्रथिनामुळे या रुग्णांची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच आतड्यावर उलटते. ही साधी अ‍ॅलर्जी नव्हे.

पुढे 1992 साली मार्श या डॉक्टरांनी आतड्यातल्या बिघाडाच्या पायऱ्या सांगितल्या. रिपोर्टमध्ये 'मार्श 1' लिहिले असेल तर फक्त लिम्फोसाइट वाढलेल्या आहेत, अंकुर नीट आहेत. 'मार्श 2' म्हणजे अंकुरांच्या तळाच्या खळग्याही वाढल्या आहेत. 'मार्श 3' म्हणजे अंकुर खुरटले किंवा सपाट झाले आहेत. मार्श 3 आणि त्याबरोबर रक्ताची तपासणी ठळकपणे पॉझिटिव्ह असेल, तर सिलिअ‍ॅकची शक्यता फार मोठी असते. मार्श 1 मध्ये मात्र बहुतेक रुग्णांत कारण दुसरेच निघते. थोड्यांत ती सिलिअ‍ॅकची सुरुवात असते. म्हणून हा रिपोर्ट कपाटात टाकून देऊ नये, आणि त्यावरून लगेच निकालही लावू नये.

आपल्या देशात उत्तरेकडे, जिथे गहू हेच मुख्य अन्न आहे, तिथे सिलिअ‍ॅक साधारण शंभरात एकाला आढळतो. दक्षिणेत तो फारच कमी आहे. महाराष्ट्र या दोहोंच्या मध्ये. आपल्याकडे ज्वारी-बाजरी-तांदूळ मागे पडून गव्हाची चपाती घरोघर आली आहे, त्यामुळे हा आजार आपल्याला होतच नाही असे समजू नये.

मग दुसरी कारणे कोणती?

1. पोटातला जंतू. हेलिकोबॅक्टर पायलोरी हा जंतू जठरात राहतो. आपल्या देशात तो निम्म्याहून अधिक प्रौढांत सापडतो. त्याच्यामुळे लगतच्या आतड्यातही लिम्फोसाइट वाढू शकतात आणि लोह अंगी लागत नाही. विष्ठेच्या किंवा श्वासाच्या तपासणीतून तो कळतो.

2. वेदनाशामक गोळ्या. आयबुप्रोफेन, डायक्लोफेनॅक यांसारख्या गोळ्या आतड्याच्या अस्तराला डिवचतात. आपल्या किती बहिणी कंबर आणि गुडघे दुखतात म्हणून मेडिकलमधून सुट्या गोळ्या घेतात! डॉक्टर विचारतात, "कोणती औषधे चालू आहेत?" आपण सांगतो, "काही नाही." अंगदुखीच्या गोळीला आपण औषध समजतच नाही. रक्तदाबाच्या ओल्मेसार्टन या गोळीनेही क्वचित असा त्रास होतो. ती घेत असाल तर डॉक्टरांना सांगा, मात्र स्वतःहून बंद करू नका.

3. जिआर्डिया आणि इतर संसर्ग. जिआर्डिया हा दूषित पाण्यातून येणारा सूक्ष्म परजीवी आहे. वास येणारी, चिकट, तरंगणारी शौच, गॅस आणि वजन घटणे ही त्याची लक्षणे. साधे जुलाब-उलट्या होऊन गेल्यावरही काही काळ लिम्फोसाइट वाढलेल्या राहू शकतात.

4. ट्रॉपिकल स्प्रू. उष्ण प्रदेशातला हा आजार आहे. 1960 च्या दशकात वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजच्या डॉक्टरांनी आसपासच्या खेड्यांत आलेल्या त्याच्या साथींचा अभ्यास केला. यात ब-12 आणि फोलिक अ‍ॅसिड कमी पडते. सूक्ष्मदर्शकाखाली तो सिलिअ‍ॅकसारखाच दिसू शकतो, पण त्याचा उपचार वेगळा आहे. काही महिने अँटिबायोटिक आणि फोलिक अ‍ॅसिड घेतल्यावर तो बरा होतो. अशा रुग्णाचा नुसता गहू बंद केला, तर त्याचा खरा उपचार राहून जातो.

5. इतर आजार. थायरॉइड, लहान वयातला मधुमेह, संधिवात यांसारखे प्रतिकारशक्तीचे आजार, तसेच क्रोन्स हा आतड्याचा आजार.

विदर्भातल्या वाचकांसाठी आणखी एक गोष्ट. आपल्या समाजात सिकलसेल आहे. रक्त कमी असण्याचे कारण आतड्यातच आहे असे धरून चालू नका. सिकलसेलची तपासणी झाली नसेल तर ती वेगळी करून घ्या.

आधी तपासणी, मग पथ्य

या लेखातली एकच गोष्ट लक्षात ठेवायची असेल तर ही ठेवा: सिलिअ‍ॅकची तपासणी पूर्ण होईपर्यंत गहू बंद करू नका.

सिलिअ‍ॅकसाठी रक्ताची 'टीटीजी आयजीए' ही तपासणी असते. तिच्याबरोबर 'एकूण आयजीए' सुद्धा तपासावे लागते, कारण काही माणसांत आयजीए मुळातच कमी असते आणि मग टीटीजी खोटे निगेटिव्ह येते. ही तपासणी गहू खात असतानाच खरी ठरते. गहू सोडला की काही महिन्यांत रक्तातल्या खुणा पुसट होतात, आतडेही भरून येऊ लागते, आणि नंतर आजार होता की नव्हता हे कुणालाच सांगता येत नाही. गहू आधीच सोडला असेल तर डॉक्टरांच्या देखरेखीखाली तो पुन्हा सुरू करून, दिवसातून एकाहून अधिक जेवणांत घेऊन, किमान 6 आठवड्यांनी तपासणी करतात. एक जनुकीय तपासणीही असते. ती निगेटिव्ह आली तर सिलिअ‍ॅक जवळजवळ नाहीच असे समजतात. नुसती पॉझिटिव्ह आली म्हणून मात्र आजार सिद्ध होत नाही.

डॉक्टरांना हे प्रश्न विचारा. कागदावर लिहून न्या, विचारायला लाजू नका:

- माझे अंकुर शाबूत आहेत की खुरटले आहेत?
- टीटीजी आणि एकूण आयजीए झाले का?
- पायलोरी आणि जिआर्डियाची तपासणी झाली का?
- मी घेत असलेल्या गोळ्यांमुळे हे होऊ शकते का?
- ब-12, फोलिक अ‍ॅसिड, लोह आणि थायरॉइड पाहिले का?
- पुन्हा कधी दाखवायचे?

जुलाब रात्री झोपेतून उठवत असतील, शौचातून रक्त पडत असेल, वजन भराभर उतरत असेल किंवा मुलाची उंची-वजन वाढत नसेल, तर थांबू नका. सरकारी रुग्णालयात किंवा मेडिकल कॉलेजच्या बाह्यरुग्ण विभागात लगेच जा.

सिलिअ‍ॅक खरोखरच निघाला तर

मग मात्र पथ्य जन्मभराचे आणि काटेकोर. "सणाला एक पुरणपोळी चालते" असे नाही. पण त्यासाठी महागडे पाकीट लागते हेही खरे नाही. ज्वारी, बाजरी, नाचणी, तांदूळ, वरई यांत ग्लुटेन नाही. ज्या भाकरीला गरिबाचे अन्न म्हणून नाक मुरडले गेले, तीच इथे पथ्य आहे. बुद्ध पौर्णिमेची तांदळाची खीरही चालते, फक्त तीत शेवया घालू नका.

सांभाळायचे ते असे. चपाती, पाव, रवा, मैदा, शेवया, बिस्कीट, खारी, टोस्ट बंद. सातूच्या पिठात गहू किंवा जव असतो. बाजारच्या हिंगात बहुधा गव्हाचे पीठ मिसळलेले असते. आणि गिरणी! गहू दळल्यावर त्याच जात्यातून ज्वारी दळली की तिच्यात गव्हाचे पीठ येते. जमल्यास घरी दळावे, किंवा सिलिअ‍ॅकच्या रुग्णांसाठी फक्त ज्वारी-तांदूळ दळणारी गिरणी पाहावी. घरातल्या आई-वडील, भावंडे आणि मुलांचीही रक्ततपासणी करून घ्यावी, कारण त्यांच्यात हा आजार असण्याची शक्यता इतरांपेक्षा बरीच जास्त असते.

आतडे जात पाहत नाही, पाणी पाहते

आता थोडे वस्तीकडे वळू. ज्या वस्तीत गटार उघडे आहे, नळाला गढूळ पाणी येते, मूल रांगते तिथेच कोंबड्या आणि घाण आहे, तिथल्या मुलांच्या आतड्यात जंतूंचा मारा रोज होतो. जुलाब नसतानाही अस्तर सुजलेले राहते, लिम्फोसाइट वाढतात, अंकुर आखूड होतात. मूल जेवते, पण अंगी लागत नाही. उंची खुंटते. तोंडावाटे दिलेल्या पोलिओ आणि रोटाव्हायरसच्या लसींचा असरही अशा मुलांमध्ये कमी होतो. आई मात्र ऐकून घेते, "मुलाला नीट खाऊ घालत नाहीस."

हा दोष त्या लोकांच्या रक्तात आहे का? याचे उत्तर फार पूर्वी मिळाले आहे. 1960 च्या दशकात पाकिस्तानात राहून काम करणाऱ्या अमेरिकन स्वयंसेवकांच्या आतड्यांतही असेच बदल झाले होते. मायदेशी परतल्यावर त्यांची आतडी पूर्ववत झाली. भारत-पाकिस्तानातून अमेरिकेत राहायला गेलेल्यांची आतडीही तिथे हळूहळू सुधारली. हा अभ्यास 1971 साली प्रसिद्ध झाला. माणसे तीच होती. बदलली ती जागा, पाणी आणि स्वच्छता.

यावर कुणी म्हणेल, साबणाने हात धुवा आणि पाणी उकळा, झाले. ते करायचेच. पण बांगलादेश, केनिया आणि झिंबाब्वेमध्ये झालेल्या मोठ्या अभ्यासांत घराघराला शौचालय, पाण्यासाठी क्लोरीन आणि हात धुण्याची सोय देऊनही मुलांची उंची वाढली नाही. बांगलादेशात जुलाब मात्र कमी झाले. हे निष्कर्ष 2018 आणि 2019 मध्ये आले. त्यातून मी एवढे शिकले की, सगळा परिसर घाण असताना एकट्या आईच्या हातातला साबण पुरा पडत नाही. बंद गटार, चोवीस तास दाबाने येणारे शुद्ध पाणी, मैल्याची विल्हेवाट ही नगरपालिकेची आणि ग्रामपंचायतीची कामे आहेत. 20 मार्च 1927 ला बाबासाहेबांनी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले, ते पाणी माणसाचा हक्क आहे हे दाखवण्यासाठी. आज त्या हक्कात 'शुद्ध' हा शब्द आपण घालायचा आहे. वस्तीच्या पाण्याची तपासणी मागणारा अर्ज महिला मंडळाच्या नावे द्या आणि त्याची पोच घ्या.

रुग्ण आणि सेवक

विनयपिटकात एक प्रसंग आहे. एका भिक्खूला पोटाचा विकार झाला होता. तो स्वतःच्याच मलमूत्रात पडून होता आणि कुणी त्याच्याकडे फिरकत नव्हते. तथागतांनी आनंदाला पाणी आणायला सांगितले. दोघांनी मिळून त्याला धुतले, उचलले आणि खाटेवर निजवले. मग भिक्खूंना बोलावून एकमेकांची सेवा करण्यास सांगितले. तिथेच चांगल्या रुग्णाचे आणि चांगल्या सेवकाचे गुण दिले आहेत. रुग्णाने आपला त्रास जसा आहे तसा सांगावा, औषध घ्यावे, पथ्याचे प्रमाण ओळखावे. सेवकाला हिताचे काय आणि अहिताचे काय ते कळावे, त्याने लोभापोटी सेवा करू नये, घाणीची किळस बाळगू नये. वॉर्डात इतकी वर्षे काढल्यावर याहून नेमका धडा मला कुठल्या पुस्तकात मिळालेला नाही.

शौचाविषयी बोलायला आपल्याला लाज वाटते. त्या लाजेपायी आजार अंगावर काढला जातो. 'जसा आहे तसा सांगावा' यात शौच किती वेळा, कशी, रात्री होते का, कोणती गोळी खाल्ली, हे सगळे आले.

त्या ताईंचे पुढे काय झाले, तेही सांगते. मेडिकल कॉलेजच्या डॉक्टरांनी त्यांना पुन्हा चपाती सुरू करायला सांगितली. आठ आठवड्यांनी टीटीजी आणि एकूण आयजीए तपासले, दोन्ही ठीक आले. विष्ठेत पायलोरी सापडला. आणि पिशवीच्या तळाशी कंबरदुखीच्या गोळ्यांची पट्टी निघाली. तीन वर्षे त्या रोज दोन घेत होत्या. त्या गोळ्या थांबवल्या, पायलोरीचे 14 दिवसांचे औषध एकही मात्रा न चुकवता पूर्ण केले, लोह चालू ठेवले. तीन महिन्यांनी हिमोग्लोबिन साडेदहावर आले. तुमचेही कारण हेच निघेल असे नाही. पण कारण शोधावे लागते. कारणाशिवाय काही घडत नाही, ही तर धम्माचीच शिकवण आहे.

आता त्या रविवारी विहारात येतात तेव्हा दुसऱ्यांच्या फाइली घेऊन येतात. मला हाक मारून म्हणतात, "सिस्टर, हिची टीटीजी झालीच नाही बघा."

जय भीम!